गुळवेल : प्रयोगशाळेत आणि ग्रामसभेत

भिवंडी म्हटले की यंत्रमागांचा खडखडाट आणि गोदामांच्या रांगाच प्रथम डोळ्यांसमोर येतात. परंतु याच तालुक्यातील ७२ गावे १९८५ च्या आदेशान्वये अनुसूचित क्षेत्रात मोडतात, हे पुष्कळांच्या ध्यानी नसते. शेजारचा शहापूर तालुका तर संपूर्णपणे अनुसूचित आहे. या पट्ट्यातील झाडांवर चढलेली गुळवेल अलीकडे औषधी बाजारात मोलाची ठरली असून तिचा व्यवहार कोणाच्या हाती असावा, हा प्रश्न त्यामुळे महत्त्वाचा झाला आहे.

आयुर्वेदात गुडूची किंवा अमृता या नावांनी ही वेल ज्ञात आहे. तिच्या गुणांना आधुनिक कसोटी लावण्याचे कार्य मुंबईच्या के. ई. एम. रुग्णालयात १९८० च्या दशकात डॉ. शरदिनी डहाणूकर, डॉ. ऊर्मिला थत्ते व त्यांच्या सहकाऱ्यांनी केले. शरीरातील भक्षक पेशी रोगजंतूंना गिळून नष्ट करतात. गुळवेलीमुळे त्यांची ही क्षमता वाढते, असे प्रयोगांत दिसून आले. पुढे पित्तनलिका अडून कावीळ झालेल्या ३० रुग्णांचा अभ्यास १९९३ मध्ये प्रसिद्ध झाला. केवळ नेहमीचे उपचार घेणाऱ्या गटातील निम्म्या रुग्णांच्या रक्तात जंतुदोष पसरला. जोडीला गुळवेल दिलेल्या गटात तो एकातही आढळला नाही. निष्कर्ष आशादायक खरा, पण रुग्ण थोडे होते आणि उपचार रुग्णालयाच्या देखरेखीखाली झाले होते. निरोगी माणसाने रोज काढा प्यावा, असे त्यातून सिद्ध होत नव्हते.

२०२० च्या महामारीत हा भेद फारसा कोणी पाहिला नाही. त्या वर्षाच्या सप्टेंबर ते डिसेंबरमध्ये गुळवेल सेवनानंतर यकृताला इजा झालेल्या सहा रुग्णांची नोंद मुंबईच्या तज्ज्ञांनी २०२१ मध्ये प्रसिद्ध केली. २०२२ मध्ये देशातील १३ केंद्रांतील ४३ रुग्णांचा अभ्यास पुढे आला. प्रतिकारशक्ती चेतवणारे द्रव्य काहींच्या बाबतीत ती स्वतःच्याच यकृतावर उलटवू शकते, असे या तज्ज्ञांचे मत पडले. केंद्रीय आयुष मंत्रालयाने हे निष्कर्ष अमान्य केले आणि टिनोस्पोरा क्रिस्पा या सारख्याच दिसणाऱ्या वेलीशी गल्लत झाली असण्याची शक्यता वर्तवली. वाद काहीही असो, खरी वेल ओळखणारा गोळा करणारा माणूस हा औषधाच्या शुद्धतेचा पहिला राखणदार आहे, एवढे त्यातून दिसतेच.

शहापूरच्या कातकरी तरुणांनी हे काम संघटितपणे हाती घेतले. २०१८ मध्ये सुरू झालेल्या वनधन योजनेखालील त्यांच्या केंद्राला औषध कंपन्यांकडून ३५० टन गुळवेलीची, १ कोटी ५७ लाख रुपयांची मागणी आली. हंगामी मजुरीसाठी वीटभट्टीवर जाणाऱ्या जमातीच्या दृष्टीने ही रक्कम लहान नव्हे.

या व्यवहाराचा कायदेशीर पाया मात्र योजनेत नाही. १९९६ च्या पेसा कायद्याने अनुसूचित क्षेत्रात गौण वनोपजाची मालकी ग्रामसभा व पंचायतीकडे देण्याचे बंधन राज्यांवर घातले. २००६ च्या वनहक्क कायद्याने गौण वनोपजाच्या व्याख्येत बांबू व तेंदूपानांसोबत औषधी वनस्पतींचाही स्पष्ट समावेश केला. मालकी मिळाली, तरी माल हलविण्यास वनखात्याचाच परवाना लागे. मग मालकी कसली? ती उणीव २०१२ च्या नियमदुरुस्तीने दूर झाली आणि वाहतूक परवाना देण्याचा अधिकार ग्रामसभेच्या समितीकडे आला. अधिकार सोडणे कोणत्याही खात्याला जड जाते. हे बदल १६ वर्षांत, टप्प्याटप्प्याने झाले.

२०२३ मध्ये जैविक विविधता कायद्यात झालेली दुरुस्ती उलट दिशेने जाते, असे टीकाकारांचे म्हणणे आहे. ग्रंथबद्ध पारंपरिक ज्ञानाच्या वापरास तीत लाभवाटपातून सूट देण्यात आली असून गुळवेल तर प्राचीन ग्रंथांत पदोपदी आढळते. वनहक्क कायद्यातील मालकीस या दुरुस्तीने हात लावलेला नाही. ती अमलात आणण्यासाठी सामूहिक हक्काचा मंजूर दावा, ग्रामसभेचा ठराव आणि समितीकडे परवान्यांचे पुस्तक, एवढे मात्र गावात असावे लागते.