शरीरांतील पाण्याच्या गांठी



अंगावर कोठें एखादी गांठ हाताला लागली, कीं माणसाच्या मनांत बहुधा दोनच विचार येतात. हा कॅन्सर तर नसेल ना, हा एक; आणि दुखत तर नाहीं, मग राहूं द्या, हा दुसरा. पहिल्यानें झोंप उडते, दुसऱ्यानें वर्षें निघून जातात. या दोहोंच्या मधला जो शहाणपणाचा मार्ग, तो आज आपणांपुढें मांडावयाचा आहे. त्यांतही एका गांठीविषयीं विस्तारानें बोलावें असें योजिलें आहे. ती होते माणसाला, पण तिचें मूळ मेंढरांच्या कळपांत आणि त्यांच्या राखणीच्या कुत्र्यांत असतें. सोलापूर जिल्ह्यांतील सांगोला तालुक्यासारख्या मेंढपाळांच्या मुलखाला तिची ओळख असणें विशेष अगत्याचें आहे.

प्रथम सिस्ट म्हणजे काय, तें पाहूं. डॉक्टर जिला सिस्ट म्हणतात, ती एक बंद पिशवी असते. तिला स्वतःचें अस्तर असतें आणि आंत पाणी, दाट द्रव किंवा लोण्यासारखा मऊ पदार्थ सांठलेला असतो. भरीव मांसाची गांठ निराळी आणि ही पिशवी निराळी. बहुतेक सिस्ट निरुपद्रवी असतात, पण त्या होण्याचें कारण एकच नसतें. कोठें त्वचेवरचें सूक्ष्म छिद्र बुजतें आणि आंतील पदार्थ सांठत जातो; कोठें गर्भावस्थेंतील एखादा अंश चुकीच्या जागीं राहून जातो; कोठें दोष आनुवंशिक असतो; तर कोठें बाहेरून आलेला एखादा जंतच आपलें घर बांधून बसतो.

सर्वांच्या परिचयाचें म्हणजे डोक्यावरचें किंवा पाठीवरचें आवाळूं. तें हळूहळू वाढतें, दुखत नाहीं, आणि पुष्कळदां त्याच्या माथ्यावर एक काळा ठिपका दिसतो. तें पिळून काढण्याचा मोह होतो. पण आंतला पदार्थ निघाला तरी अस्तर तसेंच राहतें, आणि थोड्या महिन्यांत पिशवी पुन्हां भरते. शिवाय पिळल्यानें पू होतो तो वेगळाच. म्हणून काढावयाचें असेल तर डॉक्टरांकडून अस्तरासकट काढून घ्यावें. मनगटावर येणारी टणक गोल गांठ बहुधा सांध्याच्या वंगणाची असते. ती जाड पुस्तकानें ठोकून फोडण्याची जुनी रीत होती. ती सोडून द्यावी. अशा कित्येक गांठी आपोआपच जिरतात.

स्त्रियांच्या अंडाशयांत तर दर महिन्याला स्त्रीबीजाभोवतीं एक लहानशी पाण्याची पिशवी निसर्गक्रमानेंच तयार होते आणि विरून जाते. एखादे वेळीं ती विरत नाहीं, वाढते, आणि सोनोग्राफींत सिस्ट म्हणून दिसते. अशा पुष्कळशा सिस्ट दोन-तीन महिन्यांत नाहींशा होतात. तपासणीचा कागद हातीं पडतांच शस्त्रक्रियेच्या भीतीनें खचून जाण्याचें कारण नाहीं. मात्र ओटीपोटांत अकस्मात् असह्य कळ येऊन ओकाऱ्या सुरू झाल्या, तर अंडाशयाला पीळ पडला असण्याचा संभव असतो. तेव्हां सकाळची वाट न पाहतां रुग्णालय गांठावें. पाळी कायमची गेल्यानंतर नव्यानें दिसलेल्या सिस्टची तपासणीही टाळूं नये.

पन्नाशीनंतर मूत्रपिंडावर एखादी साधी सिस्ट आढळणें ही नित्याची गोष्ट आहे. परंतु दोन्ही मूत्रपिंडें असंख्य सिस्टनीं भरून जातात, तो विकार निराळा. त्याच्या नेहमीच्या प्रकारांत, आईबापांपैकीं एकाला तो असला तर प्रत्येक अपत्याला तो होण्याचा संभव निम्मा असतो. अशा घरांत रक्तदाबावर वेळींच नजर ठेवावी.

आतां मुख्य विषयाकडे वळतों. सांगोला हा पर्जन्यछायेंतला, अवर्षणाचा तालुका. माण नदीच्या कांठचा हा प्रदेश डाळिंबांसाठीं आज नांवाजला आहे. पण पाऊस दगा देतो तेथें संसार तारून नेणारें खरें धन म्हणजे जनावर. शेळ्यामेंढ्यांचे कळप, शेतांत खतासाठीं बसविलेल्या मेंढ्या, वाड्याभोंवतीं रात्रभर जागणारीं कुत्रीं, हें येथलें नित्याचें दृश्य. आणि जेथें मेंढी, कुत्रा व माणूस इतके जवळजवळ राहतात, तेथें जगभर एका व्याधीला अनुकूल भूमि मिळत आली आहे. तिचें नांव हायडॅटिड सिस्ट.

हिचा कर्ता एक चिमुकला चपटा जंत आहे. त्याची लांबी तीन ते सहा मिलिमीटर, म्हणजे बहुधा तांदळाच्या दाण्याएवढीसुद्धां नाहीं. तो कुत्र्याच्या आंतड्यांत राहतो. कुत्र्याच्या पोटांत असे हजारों जंत असले तरी तें आजारी दिसत नाहीं. त्याच्या विष्ठेबरोबर जंतांचीं अंडीं बाहेर पडतात आणि गवतावर, मातींत, पाणवठ्यावर पसरतात. मेंढी चरतांना तीं गिळते. तिच्या यकृतांत व फुप्फुसांत पाण्याच्या पिशव्या वाढतात. पुढें ती मेंढी मेली किंवा कापली, आणि तें काळीज-फोपसें कुत्र्यापुढें टाकलें, कीं पिशवींतील सूक्ष्म अंकुर त्याच्या पोटांत जाऊन पुन्हां जंत होतात. असें हें चक्र फिरत राहतें.

माणूस या चक्रांत सांपडतो तो चुकून. येथें एक गैरसमज दूर केला पाहिजे. हा रोग मटण खाल्ल्यानें होत नाहीं. तो कुत्र्याच्या विष्ठेंतील अंडीं तोंडावाटे पोटांत गेल्यानें होतो. म्हणून जन्मांत मांसाला न शिवलेल्या माणसालाही तो होऊं शकतो. अंडीं कुत्र्याच्या केंसांना चिकटतात. त्याला कुरवाळून मूल तोच हात तोंडांत घालतें. न धुतलेली कोथिंबीर, मुळा, गाजर यांवाटेही तीं येतात. रखरखीत उन्हांत अंडीं फार टिकत नाहींत, पण विहिरीच्या किंवा हौदाच्या आसपासच्या ओलसर, सावलीच्या मातींत तीं महिनेच्या महिने जिवंत राहूं शकतात. माणसाकडून माणसाला मात्र हा रोग लागत नाहीं.

पोटांत गेलेल्या अंड्यांतून निघालेला गर्भ आंतड्याची भिंत भेदून रक्तांत शिरतो. रक्त प्रथम यकृतांत जातें, म्हणून बहुसंख्य सिस्ट तेथेंच होतात. त्या खालोखाल फुप्फुसांत. वाढ अत्यंत मंद असते. लहानपणीं लागलेला रोग चाळिशींत उघडकीस यावा, यांत नवल नाहीं. पुढें उजव्या बरगडीखालीं जडपणा वाटतो, भूक मंदावते, कधीं कावीळ होते. फुप्फुसांतली पिशवी फुटली, तर खोकल्याबरोबर खारट पाणी आणि द्राक्षाच्या सालीसारखे पापुद्रे पडतात. पोटांत पिशवी फुटणें सर्वांत घातक. आंतील द्रवानें शरीरभर तीव्र प्रतिक्रिया होऊन रुग्णाचे प्राण धोक्यांत येतात, आणि सांडलेल्या प्रत्येक अंकुरापासून नवी सिस्ट रुजूं शकते. पोटावर डाग देणें, बिब्बा लावणें, जोरानें चोळणें, यांपासून कां दूर राहावें, हें यावरून ध्यानांत येईल.

निदान हल्लीं सोपें झालें आहे. यकृतांतली सिस्ट सोनोग्राफींत बहुधा स्पष्ट दिसते, फुप्फुसांतली छातीच्या एक्स-रेंत. जोडीला रक्ताची तपासणी करतात. उपचार सिस्टच्या अवस्थेवर ठरतो. लहान सिस्टला अल्बेंडाझोल हें औषध कांहीं महिने देतात. शाळेंत जंतांसाठीं एकदां दिली जाणारी गोळी तीच. पण येथें ती दीर्घकाळ द्यावी लागते, आणि यकृतावर परिणाम होत नाहीं ना, हें रक्त तपासून पाहावें लागतें. ती आपल्या मनानें घेण्याची वस्तु नव्हे. कांहीं सिस्टमधील द्रव सोनोग्राफीच्या साह्यानें सुईनें काढून, आंत जंतनाशक द्रव भरून, तो पुन्हां काढून घेतात. मोठ्या किंवा गुंतागुंतीच्या सिस्टला शस्त्रक्रिया करावी लागते. त्या वेळीं एक थेंबही सांडूं नये, म्हणून भोंवतीं तीव्र मिठाच्या पाण्यांत भिजविलेल्या पट्ट्या पसरतात. ज्या सिस्ट मरून, चुना धरून बसल्या आहेत, त्यांना बहुधा केवळ नजरेखालीं ठेवणें पुरतें.

परंतु या रोगाचा खरा उपाय रुग्णालयांत नाहीं. तो कुत्र्याच्या थाळींत आहे. एकोणिसाव्या शतकांत आइसलंड बेटावर हा रोग घरोघर होता. तेथेंही मेंढ्या, कुत्रीं आणि माणसें एकत्र नांदत. 1863 सालीं हाराल्ड क्रॅबे हा डॅनिश संशोधक तेथें गेला आणि त्यानें रोगाचें चक्र लोकांना समजेल अशा भाषेंत एका पुस्तिकेंत मांडलें. 1864 सालीं ती लोकांत फुकट वाटण्यांत आली. पुढें 1869 सालीं कुत्र्यांसंबंधीं कायदा झाला. सोनोग्राफी नव्हती, अल्बेंडाझोल नव्हतें. तरी विसाव्या शतकांत तेथें नवी लागण जवळजवळ नाहींशी झाली. लोकांनीं रोगट काळीज कुत्र्याला घालणें थांबविलें, हें त्याचें मोठें कारण.

तेंच येथेंही करतां येईल. जत्रेंत, लग्नकार्यांत किंवा खाटकाच्या दुकानामागें कापलेल्या जनावराचें काळीज, फोपसें कच्चें कुत्र्यापुढें टाकूं नये. खोल पुरावें, जाळावें, किंवा निदान अर्धा तास चांगलें उकळावें. मेलेली मेंढी माळावर टाकून देऊं नये. कुत्र्याच्या पोटांत गेलेला जंत सुमारें सहा-सात आठवड्यांनीं अंडीं घालूं लागतो, म्हणून कळपाच्या कुत्र्यांना पशुवैद्याच्या सल्ल्यानें दर सहा आठवड्यांनीं प्राझिक्वांटेल हें औषध द्यावें. आणि शहरांतल्या गृहिणींनींही पालेभाजी वाहत्या पाण्यांत धुवावी. कुत्र्याशीं खेळून आलेल्या मुलाचे हात साबणानें धुतल्यावांचून त्याला पानावर बसूं देऊं नये.

कुत्रा हा मेंढपाळाचा भाऊबंद आहे. त्याला हांकलून द्या असें कोणी म्हणत नाहीं. त्याला काय खाऊं घालतों, एवढेंच पाहावयाचें आहे. आणि अंगावरची कोणतीही गांठ वाढत असेल, कठीण लागत असेल, दुखत असेल, किंवा तिच्याबरोबर ताप, कावीळ अथवा वजनांत घट असेल, तर डॉक्टरांना दाखवावी. भिऊन लपवूं नये, फोडूं नये आणि विसरूंही नये.