कोशनोंदी आणि निवडणूकविषयक वादग्रस्त आरोप

राळेगणसिद्धी हे पारनेर तालुक्यातील गाव ग्रामसुधारणेच्या संदर्भात कोशवाङ्मयात स्थिरावले आहे. त्याची नोंद लिहिणे तुलनेने सोपे. परंतु ज्या अहमदनगर (आता अहिल्यानगर) जिल्ह्यात ते वसले आहे, तेथील १९९१ च्या लोकसभा निवडणुकीची नोंद करावयाची झाल्यास कोशकाराची खरी परीक्षा होते.

त्या निवडणुकीत यशवंतराव गडाख विजयी झाले. पराभूत उमेदवार बाळासाहेब विखे पाटील यांनी निवडणूक-अर्ज दाखल करून, प्रचारसभांतून आपल्या चारित्र्याविषयी असत्य विधाने करण्यात आली, असा आरोप केला. १९९३ साली मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने गडाखांची निवड रद्द ठरविली, विखे पाटलांना निर्वाचित घोषित केले आणि शरद पवारांवरही भ्रष्ट आचरणाचा ठपका ठेवला. त्याच वर्षी नोव्हेंबरात सर्वोच्च न्यायालयाने निवड रद्द झाल्याचा निर्णय कायम केला; विखे पाटलांच्या निर्वाचनाची घोषणा आणि पवारांवरील ठपका मात्र रद्दबातल केला. पुढे पोटनिवडणूक झाली.

या दोन निर्णयांच्या मधल्या काळात जो ग्रंथ छापला गेला असेल आणि ज्याने निर्णयाची तारीख व न्यायालयाची पायरी दिली नसेल, त्याने एका व्यक्तीवर पुढे न टिकलेला डाग कायमचा उमटविला, असे म्हणावे लागेल. शिवाय येथे मतपत्रिकांत फेरफार झाल्याचा प्रश्नच नव्हता. १९५१ च्या लोकप्रतिनिधित्व अधिनियमाच्या १२३ व्या कलमात लाचलुचपत, दडपण, मतदानकेंद्र बळकावणे आणि असत्य विधाने या सर्वांना भ्रष्ट आचरणात स्थान आहे. ‘निवडणूक घोटाळा’ या शीर्षकाखाली हे सारे एकत्र घातल्यास वाचकाच्या मनात भलतेच चित्र उभे राहते. वृत्तपत्राच्या मथळ्याला हे क्षम्य असेल; कोशाला नाही.

२०२४ च्या महाराष्ट्र विधानसभा निवडणुकीची नोंद याहून अवघड आहे. सायंकाळी पाच वाजता ५८.२२ टक्के आणि अखेरीस ६६.०५ टक्के, या मतदानाच्या दोन आकड्यांतील अंतरावर विरोधी पक्षांनी आक्षेप घेतला. पाचचा आकडा तात्पुरता असतो व सहा वाजता रांगेत उभ्या असलेल्यांनाही मतदान करता येते, हे निवडणूक आयोगाचे उत्तर. माळशिरस तालुक्यातील मारकडवाडीत ग्रामस्थांनी ३ डिसेंबर २०२४ रोजी मतपत्रिकांवर चाचणी मतदान योजिले होते. प्रशासनाच्या मनाईनंतर ते झाले नाही. (त्या मतदारसंघात आक्षेप घेणाऱ्यांचाच उमेदवार निवडून आला होता, ही गोष्ट नोंदीतून सहसा गळते.) सर्व २८८ मतदारसंघांच्या निकालांना आव्हान देणारी याचिका मुंबई उच्च न्यायालयाने २५ जून २०२५ रोजी फेटाळली.

‘फेटाळली’ या एका क्रियापदावर नोंद संपविणे सदोष होय. एका मतदारसंघातील मतदाराला साऱ्या राज्याचे निकाल अशा मार्गाने रद्द मागता येतात काय, हा त्या प्रकरणातील एक मुख्य मुद्दा होता; आणि अधिकाराच्या मुद्द्यावर याचिका टिकली नाही म्हणजे आरोपाची पुराव्यानिशी छाननी होऊन तो खोटा ठरला, असे नव्हे. पण याच आधारे आरोपाला ‘अद्याप अनिर्णित’ असा मानाचा दर्जा देणेही तितकेच चुकीचे, कारण सिद्धतेचा भार आरोप करणाऱ्यावर असतो आणि २८८ मतदारसंघांत पडताळलेल्या १,४४० यंत्रांच्या चिठ्ठ्या व मतांत तफावत आढळली नाही, असे निवडणूक अधिकाऱ्यांनी जाहीर केलेले आहे. हे विधान नोंदीत त्यांच्याच नावाने आणि आरोपाच्या लगतच यावयास हवे, तळटीपेत नव्हे.