उंदीर नव्हे ती!

रेवदंड्याच्या नारळी-पोफळीच्या वाडीत तिन्हीसांजेला भिंतीच्या कडेकडेने ‘चिंचिं’ करत काहीतरी सरपटते आणि घरातून हाक येते, ‘उंदीर! पिंजरा लावा!’ पिंजऱ्यात सापडते ती बहुधा चिचुंद्री. लांब टोकदार नाक, मोहरीएवढे डोळे आणि अंगाला तो प्रसिद्ध वास.

ती उंदरांच्या कुळातली नाहीच. जवळचे नातेवाईक शोधायचे तर साळिंदरही नव्हे, काटेरी जाहक. उंदराचे कुरतडणारे पटाशीचे दात तिला नाहीत; असतात ते किडे फोडणारे बारीक अणकुचीदार दात. झुरळे, किडे, गांडुळे हा तिचा मुख्य आहार. वास येतो कुशीवरच्या ग्रंथींमुळे, म्हणून मांजरही तिला मारून टाकते, पण सहसा खात नाही. पिल्ले एकमेकांची शेपटाजवळची कातडी तोंडात धरून आईमागे आगगाडीसारखी निघतात. हे एकदा तरी पाहावेच.

दुसरा समज शेकरूचा. महाराष्ट्राचा हा राज्यप्राणी फक्त भीमाशंकरला, असे पाहुणे ठामपणे सांगतात. प्रत्यक्षात साळावचा पूल ओलांडून मुरूडच्या वाटेला लागले की फणसाड अभयारण्य येते, आणि तिथल्या उंच झाडांवर शेकरूची काटक्या-पानांची घरटी आहेत.

पिंजऱ्यात चिचुंद्री सापडली, तर वाडीत नेऊन सोडा.