बल्बवर उगाच आळ

आरे-वारेला सूर्य बुडाला की पुढचा अर्धा तास गाड्या मागे घेण्याचा असतो. रत्नागिरीहून गणपतीपुळ्याला जाणारा किनाऱ्याचा रस्ता इथे डोंगराच्या अंगावरून चढतो. खाली एकीकडे आरेचा किनारा, दुसरीकडे वारेचा, आणि वर रस्त्याच्या कडेला जागा सापडेल तिथे तिरक्या-वाकड्या लावलेल्या गाड्या. अंधार पडायच्या आत सगळ्यांनाच निघायचं असतं. अशाच एका संध्याकाळी मी रिव्हर्स टाकला आणि मागच्या दुचाकीवाल्याने डिकीवर थाप मारली. "ओ काका, मागे येताय हे कळायचं कसं? लाइट कुठाय?" बायको उतरली, मी पुन्हा गिअर टाकून पाहिला. दोन्ही पांढरे दिवे बंद. मग लक्षात आलं की सेन्सरही वाजला नव्हता. तो गप्प आहे म्हणजे मागे कोणी नाही, असं मी खुशाल धरून चाललो होतो.

पुढच्या आठवड्यात या दिव्याबद्दल बरीच मतं ऐकली. बहुतेक चुकीची निघाली, त्यांत माझंही एक होतं.

"बल्ब उडाला असणार." हे सगळ्यांचं पहिलं मत. एका गॅरेजमध्ये ताबडतोब दोन नवे बल्ब बसवून मिळाले आणि दिवे होते तसेच राहिले. चोर सोडून संन्याशाला फाशी! खरं तर थोडा विचार केला असता तर बल्बला हात लावायची गरजच नव्हती. फ्यूजमधून निघालेला प्रवाह गिअरबॉक्सवरच्या स्विचमध्ये येतो, स्विचमधून मागे जातो आणि तिथे दोन्ही दिव्यांना वाटला जातो. बहुतेक गाड्यांत सेन्सर आणि कॅमेरा यांनाही याच वायरवरून वर्दी मिळते. म्हणजे एकच दिवा बंद असेल तर दोष त्या दिव्याचा: बल्ब, होल्डर किंवा तिथली अर्थिंग. दोन्ही दिवे आणि सेन्सर एकदमच गेले, तर दोष वाटणीच्या आधी कुठेतरी आहे. दोन बल्ब आणि एक सेन्सर एकाच मुहूर्तावर मरत नाहीत.

एक अपवाद मात्र ध्यानात ठेवावा. काही गाड्यांना रिव्हर्सचा दिवा मुळात एकच असतो आणि दुसऱ्या बाजूला त्याच जागी धुक्यासाठीचा लाल दिवा असतो. असे मालक दुसऱ्या बाजूच्या "बंद" दिव्यासाठी गॅरेजच्या फेऱ्या मारताना मी पाहिले आहेत.

"सेन्सरचं किट गेलंय, सगळं बदलावं लागेल." हे दुसरं मत, आणि यात हजारांचा हिशेब होता. १ जुलै २०१९ पासून भारतात बनणाऱ्या नव्या मोटारींना मागचा सेन्सर सक्तीचा झाला, त्यामुळे आता जवळपास प्रत्येक नव्या गाडीत तो आहे आणि प्रत्येक बिघाडाचं खापरही त्याच्यावर फुटतं. पण बिचाऱ्या सेन्सरला कोणी उठवलंच नाही तर तो वाजणार कसा? गाडी रिव्हर्समध्ये आहे हे त्याला स्विचने सांगायचं असतं.

शेवटी गाठ पडली ती एका वयस्क वायरमनशी. त्यांनी बल्ब पाहिले नाहीत, सेन्सरही पाहिला नाही. फ्यूज काढून उन्हात धरला, परत बसवला. बॉनेटखाली हात घालून गिअरबॉक्सवरचा छोटा कपलर सोडवला, वीतभर वायरचा तुकडा घेऊन कपलरच्या दोन टोकांना लावला आणि म्हणाले, "चावी ऑन करा. इंजिन चालू करू नका." मागे दोन्ही दिवे लख्ख. जिथे मी आठवडा घालवला तिथे त्यांना पाच मिनिटं लागली.

ही तपासणी समजून घेण्यासारखी आहे, कारण तिने प्रश्नाचे दोन तुकडे होतात. हा स्विच म्हणजे दुसरं-तिसरं काही नसून दाराच्या घंटीचं बटणच. गिअरबॉक्सच्या अंगात आट्यांनी बसवलेला, आतल्या टोकाला स्प्रिंगवर बसलेली एक गोळी. रिव्हर्स पडला की आतला दांडा सरकतो, गोळी दाबली जाते आणि दोन संपर्क जुळतात. वायरच्या तुकड्याने आपण तेच जुळवतो. दिवे लागले तर फ्यूज, वायर, बल्ब सगळं ठीक आणि दोषी स्विच. नाही लागले तर स्विचला निदान तूर्तास दोष देऊ नये, वायर शोधत मागे जावं. मागच्या दारात दिवे असलेल्या गाड्यांत बिजागरीजवळची रबरी नळी आधी उलगडावी. दार हजारदा उघडझाप करून वायर नेमकी त्या वाकणात तुटते.

पण ही युक्ती फक्त साध्या, दोन पिनांच्या स्विचसाठी, आणि तीही गाडीचा वायरिंगचा नकाशा पाहून. नव्या गाड्यांत हाच इशारा कॉम्प्युटरकडे जातो, तिथे वायर जोडण्याऐवजी मीटर लावावा: कपलर काढून स्विचच्या दोन पिनांवर, रिव्हर्समध्ये ओहम जवळजवळ शून्य, इतर गिअरमध्ये जोडणीच नाही, असं यायला हवं. गिअरबॉक्सवर याच्यासारखीच दिसणारी भावंडंही असतात, न्यूट्रल ओळखणारा स्विच, वेगाचा सेन्सर. ऑटोमॅटिक गाडीत गिअरची जागा ओळखणारा वेगळाच स्विच असतो आणि त्याच्यावर इंजिन सुरू होणंही अवलंबून असतं. तिथे घरच्या घरी हात घालू नये. विजेवरच्या गाडीत तर रिव्हर्सचा दांडाच नाही, मोटर उलटी फिरते आणि दिव्याचं कंट्रोलर पाहतो.

"मीटरवर बारा व्होल्ट दिसतात, म्हणजे वायर चांगली आहे." हा गैरसमज मोटारी स्वतः दुरुस्त करणाऱ्यांचा, म्हणून अधिक महाग. कोकणात तर तो हमखास फसवतो. रत्नागिरीत वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो आणि उरलेले आठ महिने खारा वारा. या हवेत तांब्या-पितळेच्या पिनांवर हिरवा थर येतो, पितळी पातेल्यात चिंचेची आमटी राहिली की कळंक चढतो त्याच जातीचा. या थरातून प्रवाह जात नाही असं नाही, पण अडखळत जातो. मीटर स्वतः जवळजवळ काहीच प्रवाह ओढत नाही, म्हणून त्याला पूर्ण बारा दिसतात. २१ वॅटचा बल्ब मात्र पावणेदोन अँपिअर मागतो. पेटलेल्या अवस्थेत त्याचा स्वतःचा रोध जेमतेम सात ओहम असतो. कळंकाने तेवढाच अडथळा वाटेत उभा केला, तर बल्बच्या वाट्याला निम्म्याहून कमी व्होल्टेज येतं आणि तो काजव्यासारखा मिणमिणतो. तोटी बंद असताना नळातला दाब पूर्ण दिसतो; पाईप चोंदलाय हे तोटी उघडल्यावरच कळतं. म्हणून जुने वायरमन मीटरपेक्षा बल्ब लावलेल्या टेस्टलॅम्पवर विश्वास ठेवतात, आणि ते अडाणीपण नाही.

माझ्या स्विचच्या पिना अशाच हिरव्या होत्या. त्या साफ केल्या, तरी काम झालं नाही. आतली गोळीच अडकली होती. गंज सोडवणारा स्प्रे मारून बघा, असं एकाने सुचवलं. बाहेरच्या पिनांसाठी स्प्रेचा उपयोग आहे, पण बंद डबीतली अडकलेली गोळी किंवा जळलेले संपर्क यांच्यापर्यंत तो पोचत नाही. चार दिवस दिवा लागतो आणि पाचव्या दिवशी पुन्हा आरे-वारे.

संपर्क जळतात कशाने? बऱ्याचदा आपल्याच हौसेने. छोट्या गाड्यांत दिव्यांचा पूर्ण प्रवाह या स्विचमधून जातो आणि तो दोन साध्या बल्बांच्या हिशेबाने बनवलेला असतो. त्यावर कोणी ५५ वॅटचे जादा दिवे चढवतो, कोणी गाणं वाजवणारा भोंगा. असा एकेक दिवा साडेचार अँपिअर घेतो, आणि गार तार पेटतानाचा पहिला झटका त्याच्या कितीतरी पट. जादा दिवे हवेतच, तर मध्ये रिले घालावा. फ्यूजचंही तसंच. "दहाचा उडतोय, वीसचा घाला" असं सांगणाऱ्याला हात जोडावेत. फ्यूज वायर वाचवायला असतो. दहाचा लाल काढून वीसचा पिवळा घातला की उडायची पाळी वायरवर येते. आणि ब्रेकचा दिवा लागतोय म्हणून रिव्हर्सचा फ्यूज शाबूत आहे, असंही समजू नये. बहुधा दोघांचे फ्यूज वेगळे असतात.

"स्विच काढला की गिअरचं ऑइल सगळं सांडतं, गिअरबॉक्स उतरवावा लागतो." उतरवावा लागत नाही. स्विच ऑइलच्या पातळीच्या वर असेल तर थेंबही येत नाही, खाली असेल तर थोडं ओघळतं. नवा स्विच हाताशी तयार ठेवायचा, खाली ताटली धरायची, एक काढून दुसरा लावायचा. सांडलं असेल तेवढं ऑइल त्याच ग्रेडचं भरायचं.

काम सोपं आहे, पण त्यातल्या तीन-चार गोष्टी चुकू नयेत. इंजिन गार हवं. स्विच खालूनच हाती येत असेल तर गाडी नुसत्या जॅकवर उभी करून खाली शिरू नका. सपाट जागा, हँडब्रेक, चाकांना दगड, गाडीखाली घोड्या. कपलर खिट्टी दाबून काढा, वायर ओढून नाही. स्विचभोवतीची माती आधी पुसा, नाहीतर ती सरळ गिअरमध्ये पडते. पाना बहुतेकदा १९ ते २४ मिलिमीटरच्या दरम्यानचा लागतो. जुना आणि नवा स्विच शेजारी धरून गोळीची लांबी बघा. ती जरा कमी असेल तर दिवा कधीच लागणार नाही, जास्त असेल तर पुढे जातानाही पेटलेला राहील आणि मागचा माणूस रात्रभर तुम्हाला शिव्या घालेल. वॉशर नवा घ्या. टेफ्लॉन टेप गुंडाळू नका. ती नळाची सवय. इथे गळती वॉशर थांबवतो, टेपचे तुकडे आत जातात, आणि एकाच वायरचा स्विच असेल तर त्याची अर्थिंगच तुटते. आटे आधी हाताने बसवा. गिअरबॉक्सचं अंग ॲल्युमिनियमचं असतं, ताकद लावाल तर पाच मिनिटांचं काम पाच दिवसांचं होईल. कपलर लावण्याआधी पिनांना विजेच्या जोडांसाठीचं ग्रीस बोटभर लावलं की पुढचे दोन-तीन पावसाळे निभावतात. नव्या स्विचला मला काही शे रुपये पडले. आधी घातलेले बल्ब आणि फेऱ्या धरल्या तर ते सर्वांत स्वस्त काम होतं.

आता शेवटचा गैरसमज, जो माझा स्वतःचा होता: "सेन्सर-कॅमेरा आहे ना, मग दिवा गेला तर काय बिघडलं?" सेन्सर मला सांगतो, दिवा इतरांना सांगतो. मागे वाळूचे पाय झटकत उभ्या असलेल्या पोराला माझ्या डॅशबोर्डवर काय वाजतंय हे ठाऊक नसतं. त्याला पांढरा उजेड दिसतो आणि तो बाजूला होतो. आरे-वारेच्या कड्यावर तर आणखी एक गोष्ट आहे. मागचा सेन्सर कानाला न ऐकू येणारा आवाज सोडतो आणि तो आपटून परत येण्याची वाट पाहतो. भिंत असेल, गाडी असेल तर प्रतिध्वनी येतो. मागे जमीनच संपली असेल, खाली उतार आणि त्याखाली समुद्र असेल, तर परत येणार काय? सेन्सर शांत राहतो. त्याच्या भाषेत दरी आणि मोकळं मैदान यांत फरक नाही. तिथे कडेचा दगड दिसतो तो पांढऱ्या दिव्याच्या उजेडात, किंवा खाली उतरून उभ्या राहिलेल्या माणसाला.

किनाऱ्यावर गाडी घालून लाटांत फोटो काढणाऱ्यांना एकच सांगणं: घालू नका, आणि घातलीच असेल तर त्याच दिवशी खालून गोड्या पाण्याने धुवा. इंजिनाच्या बाजूला मात्र जोराचा फवारा मारू नका, कपलरमध्ये पाणी शिरतं.

दिवा तपासायला दुसरा माणूस लागत नाही. आज अंधार पडल्यावर गाडी भिंतीकडे पाठ करून लावा, हँडब्रेक ओढा, इंजिन बंद ठेवून चावी ऑन करा आणि रिव्हर्स टाका. आरशात भिंतीवर पांढरा उजेड दिसला पाहिजे. लीव्हर जरा दाबून धरल्यावरच तो दिसत असेल, तर स्विच किंवा गिअरची केबल जायला लागली आहे.