सेटअपटूल्स टाकलं, तरी तेच!

व्हर्च्युअल एन्व्हायर्नमेंटवर लिहितो असं मागच्या आठवड्यात कबूल केलं होतं. ते पुढे ढकलतोय, कारण मुरूडहून एका विद्यार्थिनीचा प्रश्न आलाय आणि तो दोन ओळींत उरकण्यातला नाही. तिला अलिबागच्या चुंबकीय वेधशाळेच्या नोंदींवरून मे २०२४च्या भूचुंबकीय वादळाचा आलेख काढायचाय. सीनियरकडून जुना प्रोग्राम मिळाला, सोबत रिक्वायरमेंट्सची यादी. यादीत नमपाय १.१९.५, लॅपटॉपवर पायथन ३.१२. पिप इन्स्टॉल म्हटल्यावर स्क्रीनभर लाल अक्षरं आणि तळाशी ‘नो मॉड्यूल नेम्ड डिस्ट्यूटिल्स’. कुणी सुचवलं म्हणून तिने सेटअपटूल्स टाकलं. ते मुकाट बसलं. पुन्हा नमपाय, पुन्हा तीच ओळ. “सर, आता आहे ना ते, मग नाही का म्हणतोय?”

आतापर्यंत आपण पाहिलेल्या ‘मॉड्यूल नाही’च्या तक्रारी प्रोग्राम चालवतानाच्या होत्या. पिप एका पायथनचा, प्रोग्राम दुसऱ्याच पायथनवर. किंवा इन्स्टॉल करायचं ओपनसीव्ही-पायथन आणि इम्पोर्ट करायचं सीव्ही२. ही तक्रार इन्स्टॉल होताना आलीय, आणि तिची जातच वेगळी.

लाल अक्षरांच्या वर, कुणी वाचत नाही तिथे, एक साधी ओळ असते: पिप कोणती फाइल उतरवतोय ती. तिच्या स्क्रीनवर ती नमपाय-१.१९.५.झिप अशी होती. खरी गोम इथे आहे. सगळं सुरळीत असतं तर फाइलच्या शेवटी झिप नसून डब्ल्यूएचएल असतं. ते ‘व्हील’, म्हणजे तयार माल. उलगडून जागेवर ठेवला की झालं. नमपाय १.१९.५ची व्हील्स पायथन ३.९पर्यंतचीच बनलेली आहेत. ३.१२साठी व्हील सापडेना, तेव्हा पिपने मूळ सोर्स उतरवला आणि तो इथेच बांधायला घेतला.

बांधकामासाठी पिप एक कोरी, तात्पुरती जागा उघडतो. २०१८च्या पिप १०पासून ही पद्धत आहे. त्या पॅकेजने मागितलेली अवजारं तेवढी तिथे आणली जातात. तुमच्याकडे काय बसवलंय ते तिथून दिसतच नाही. नमपाय १.१९.५ने मागितलं होतं ४९.२च्या आतलं सेटअपटूल्स, म्हणजे २०२० सालचं. ते डिस्ट्यूटिल्स या पॅकेज बांधायच्या अवजारासाठी पायथनवर विसंबून असायचं. आणि पायथन ३.१२मध्ये डिस्ट्यूटिल्स नाही. तिने बसवलेलं नवं सेटअपटूल्स स्वतःजवळ डिस्ट्यूटिल्सची प्रत बाळगून असतं, म्हणून तो सल्ला प्रोग्राम चालवतानाच्या तक्रारीला लागू पडतो. इथे ते बाहेर बसून राहिलं, आत जुनंच आलं. या एररखाली पिप स्वतःच लिहितो की चूक सबप्रोसेसमधली आहे, बहुधा माझी नाही. पिपचं हे म्हणणं शंभर टक्के खरं आहे, पण लोक चिडून पिपच अपग्रेड करत बसतात.

डिस्ट्यूटिल्स असं अचानक कसं काढलं, हा तिचा पुढचा प्रश्न. त्याचं उत्तर देताना मला त्याच वेधशाळेचा इतिहास आठवला. चुंबकीय नोंदी आधी कुलाब्याला होत. सप्टेंबर १८५९च्या प्रचंड वादळात तिथल्या क्षितिजसमांतर क्षेत्रात सुमारे १६०० नॅनोटेस्लाची घसरण नोंदली गेली. ती नोंद आजही जगभरचे अभ्यासक काढून बघतात. पुढे मुंबईत विजेच्या ट्राम यायच्या ठरल्या, आणि त्या विजेने चुंबकमापनाच्या सुया बिघडल्या असत्या. वेधशाळेचे संचालक नानाभाई मूस यांनी १९०४ साली काम अलिबागला आणलं, पण कुलाबा लगेच बंद केलं नाही. १९०६पर्यंत दोन्हीकडे नोंदी चालू ठेवल्या, म्हणजे जुन्या आकड्यांचा नव्यांशी मेळ बसेल. ट्राम धावली १९०७ला. पायथनवाल्यांनीही अशीच मुदत दिली होती: ३.१०मध्ये, ऑक्टोबर २०२१ला, डिस्ट्यूटिल्स जाणार असा इशारा छापायला सुरुवात झाली आणि ते गेलं ऑक्टोबर २०२३मध्ये. फरक इतकाच की मूस यांनी त्या दोन वर्षांत जुळवाजुळव केली. आपण इशाऱ्याच्या ओळी वर सरकवून पुढे गेलो.

आता उपाय. ती कोरी जागा, म्हणजे आयसोलेशन, बंद करणारा नो-बिल्ड-आयसोलेशन हा पर्याय जो तो सुचवतो. इथे नको. इतका जुना नमपाय नव्या अवजारांनी बांधायला गेलात तर एक एरर जाऊन दुसरी येईल. यादीतला आकडा बदलून नमपाय १.२६ करा, ३.१२ची व्हील्स तिथपासून आहेत. मग जुन्या प्रोग्राममध्ये कुठे एनपी-डॉट-फ्लोट असेल तर तो अडेल, कारण नमपाय १.२४ने ते काढून टाकलं. तिथे नुसतं फ्लोट लिहायचं. प्रोग्रामला हातच लावायचा नसेल तर पायथन ३.९ शेजारी बसवून त्यावर चालवता येतो, पण सुधारायला सोपं असताना मी तरी ते करणार नाही.

तिने आकडा बदलला. नमपाय व्हीलमधून क्षणात बसला, फ्लोटच्या दोन ओळी सुधारल्या आणि आलेख निघाला. पण त्यात अलिबागचं क्षेत्र मधेच थेट एक लाखाला टेकलेलं! घाबरण्यासारखं काही नाही. अलिबागला क्षितिजसमांतर क्षेत्र ३८ हजार नॅनोटेस्लाच्या आसपास असतं. आयएजीए-२००२ फॉरमॅटच्या फाइलमध्ये जिथे नोंद नाही तिथे ९९९९९ भरतात. आलेखाआधी ते आकडे एनएएन, म्हणजे ‘आकडा नाही’, करून टाकायचे, मग वादळाची खरी घसरण दिसते.

व्हर्च्युअल एन्व्हायर्नमेंट पुढच्या आठवड्यात. उबुंटूवर पिप ‘एक्स्टर्नली मॅनेज्ड’ म्हणून हटून बसतो, अशी पनवेलहून तक्रार आलीय. तीही त्यातच घेऊ.