श्वान घुटमळले!

पोलिसांचा कुत्रा म्हटलं की आपल्याला १९९३ च्या मुंबई बॉम्बस्फोटांनंतर नाव कमावलेला 'झंजीर' आठवतो. पण महाराष्ट्रातल्या लहान जिल्ह्यांच्या श्वान पथकाचा दिवस अगदी साधा असतो. सकाळी व्यायाम, सराव, मग एस.टी. स्टँड-स्टेशनवर तपासणी, मंत्र्यांच्या सभेआधी मांडव हुंगणं. बहुतेक वेळा काहीच सापडत नाही. मग त्याचा उत्साह टिकावा म्हणून हँडलर स्वतःच एखादा नमुना लपवून ठेवतो. सापडला की शाबासकी!

चोरीचा माग काढणारा कुत्रा वेगळा. 'श्वान रस्त्यापर्यंत जाऊन घुटमळले' अशी बातमी आपण सगळ्यांनीच वाचली आहे. पण त्यात त्याचा काय दोष? चोर तिथून गाडीत बसला की माग तिथेच तुटतो. पुष्कळदा बघ्यांच्या गर्दीने तो आधीच पुसलेला असतो.

आपल्यापैकी अनेकांची गावाकडची घरं कुलूपबंद असतात. म्हणून आम्ही सभासदांना एवढंच सुचवतो: पुढच्या फोनवर शेजाऱ्यांना सांगून ठेवा की कुलूप तुटलेलं दिसलं तर आधी पोलिसांना कळवा, आत कुणी जाऊ नका, कशाला हात लावू नका. नाहीतर पथक येतं, आणि बिचारं कुत्रं आपल्याच माणसांच्या पावलांत घुटमळत राहतं.