आकाशवाणीची धून आणि वाल्टर कौफमान



चाकण, चिंचवडकडच्या मंडळींना आज जर्मनी म्हटलं, की २००९ साली चाकणला सुरू झालेला मोटारींचा कारखाना आठवतो. पण त्याच्या कितीतरी आधी, जर्मन बोलणाऱ्या एका संगीतकाराची धून आपल्या घराघरांत पोचली होती. बातम्यांच्या आधी, भल्या पहाटे वाजणारी आकाशवाणीची ती धून! तिचे कर्ते म्हणून वाल्टर कौफमान यांचं नाव घेतात.

त्यांचा जन्म १९०७ सालचा, बोहेमियातल्या कार्ल्सबादचा. हे गाव आज चेक देशात आहे. घराणं ज्यू. शिक्षण बर्लिनला आणि प्रागला झालं. प्रागच्या जर्मन विद्यापीठात प्रबंध लिहून झाला होता. पण मार्गदर्शक प्राध्यापक नाझी तरुण संघटनेचे पुढारी आहेत असं कळलं, आणि या गृहस्थांनी पदवीच नाकारली. १९३४ साली त्यांनी मुंबई गाठली.

इथल्या गाण्याच्या तबकड्या त्यांनी ऐकल्या, तर काही म्हणता काही उमजेना! पण ज्या गाण्यावर लाखो लोक जीव टाकतात, ते फोल कसं असेल? उणेपणा आपल्याच कानात आहे, असं ठरवून ते शिकायला बसले. पाश्चात्त्य संगीतात अनेक स्वर एकाच वेळी एकमेकांत गुंफतात. आपल्याकडे षड्जाच्या आधारावर एकच सुरावट फुलत जाते. फरक एवढा मोठा, बरं का.

मुंबईत त्यांनी मोहन भवनानींच्या चित्रपटांना संगीत दिलं, व्हायोलिनवादक मेहली मेहतांबरोबर मैफली केल्या, आणि १९३७ ते १९४६ रेडिओवर पाश्चात्त्य संगीताचा विभाग सांभाळला. पुढे ते कॅनडात विनिपेगच्या वाद्यवृंदाचे संचालक झाले, मग अमेरिकेत इंडियाना विद्यापीठात प्राध्यापक. उत्तर हिंदुस्थानी रागांवरचा त्यांचा जाडजूड ग्रंथ १९६८ साली निघाला. ज्याला आपलं गाणं कळत नव्हतं, तोच ते जगाला समजावून सांगू लागला! १९८४ साली ते वारले.

गुरुजींनी वर्गात एवढं करून पाहावं. ही धून शिवरंजनी रागातली आहे असं सांगतात. पेटीवर सा, रे, कोमल ग, प, ध हे पाचच स्वर वाजवावेत, आणि मग मुलांना ती धून ऐकवावी. खाली तंबोरा आपला, वर व्हायोलिन परदेशातलं. दोन्ही कशी एका सुरात नांदतात, ते मुलांच्या कानांना आपोआप कळेल.